घरची रिळे आणि समुद्र

घराची आवराआवर निघाली की माळ्यावरून एखादी पत्र्याची पेटी खाली येते, आणि त्या दिवसाचे काम तेथेच थांबते. पेटीत पत्रे असतात, लग्नपत्रिका असतात, कडा झिजलेली छायाचित्रे असतात. आणि ज्या थोड्या घरांत पूर्वी कोणा हौशी काकांनी चलच्चित्रणाचा कॅमेरा बाळगला होता, त्या घरांत फिल्मची लहान लहान रिळेही असतात. या रिळांना आपण मोठ्या विश्वासाने 'आठवणी' असे म्हणतो. हा विश्वास कितपत सार्थ आहे, हा प्रश्न दोन चित्रकृती लागोपाठ पाहिल्यामुळे आम्हांस पडला. पहिली, त्रिनिदादात जन्मलेले व कॅनडात स्थायिक झालेले रिचर्ड फंग यांची २००० सालची 'सी इन द ब्लड', म्हणजे 'रक्तातील समुद्र'. आणि दुसरी, हंगेरीचे पेतर फोर्गाच यांची १९९८ सालची 'द डॅन्यूब एक्झोडस'. दोहोंची रचना हौसेने टिपलेल्या जुन्या खाजगी चित्रणांवर उभारलेली आहे, आणि दोहोंतही पाणी हे केवळ पार्श्वभूमीचे काम करीत नाही.

आमचा अभिप्राय आरंभीच सांगून टाकतो. रीळ आणि स्मृती या दोन भिन्न वस्तू आहेत. इतकेच नव्हे, तर पुष्कळदा त्या परस्परांच्या विरुद्ध साक्ष देतात. ज्या कलावंताला हा विरोध दिसतो, आणि तो मिटविण्याची जो घाई करीत नाही, त्याच्याच हाती ही जुनी चित्रणे बोलू लागतात. इतरांच्या हाती ती केवळ हळहळ उत्पन्न करतात. आणि हळहळ ही फार स्वस्त भावना आहे.

प्रथम या रिळांचा स्वभाव पाहू. हौशी माणसास खरीखुरी सोय झाली ती १९२३ साली, कोडॅक कंपनीने सोळा मिलिमीटर रुंदीची फिल्म काढली तेव्हा. ती महाग पडे. म्हणून त्याच कंपनीने १९३२ साली आठ मिलिमीटरची फिल्म आणली, आणि पाश्चात्त्य देशांतील मध्यम स्थितीच्या कुटुंबांसही ही हौस परवडू लागली. पुढे १९६५ साली 'सुपर एट' ही अधिक सोपी तऱ्हा निघाली. असे एक रीळ पन्नास फुटांचे. पडद्यावर ते तीनचार मिनिटांत संपे. बहुतेक रिळांत आवाज नसे. आणि रंगीत फिल्मला उजेड इतका लागे की, घरातील साध्या दिव्यावर काही उमटण्याची आशा नसे.

या तीन मर्यादांचे परिणाम फार दूरवर पोचले आहेत. चारच मिनिटे हाती आहेत म्हटल्यावर मनुष्य ती दुखण्यावर किंवा भांडणावर खर्च करीत नाही. वाढदिवस, सहल, पाहुण्यांचे आगमन यांसाठी राखून ठेवतो. आवाज येणार नाही म्हटल्यावर जो तो हसतो आणि हात हलवितो. ऊन हवे म्हटल्यावर कुटुंब बाहेर पडते, आणि जेथे समुद्र जवळ आहे तेथे ते समुद्रावर जाते. कारण तेथे ऊन वरून येते, तसेच वाळूवरून व पाण्यावरून उलटूनही येते. किनाऱ्यावरील देशांच्या घरगुती रिळांत समुद्र इतका वारंवार भेटतो, याचे कारण काव्यात नव्हे, प्रकाशाच्या हिशेबात शोधावयास हवे. रात्रीचे स्वयंपाकघर, रुग्णाची खोली, दाराआडची कुजबूज यांना या हिशेबात जागाच नव्हती. पुढे मुले मोठी होतात, ती रिळे पाहतात, आणि आपले सारे बालपण उन्हात आणि समुद्रावर गेले असे त्यांस खरोखरीच वाटू लागते. रीळ आठवण राखते असे आपण समजतो. वस्तुतः ते पुष्कळदा आठवणीच्या जागी स्वतःच येऊन बसते.

रिचर्ड फंग यांच्या कृतीचे मोल कळण्यास ही प्रस्तावना अवश्य होती. त्यांचा जन्म १९५४ साली त्रिनिदाद बेटावर, चिनी वंशाच्या कुटुंबात झाला. या बेटावरील बहुतेक घराण्यांची कथा एखाद्या जहाजापासून सुरू होते. आफ्रिकेतून गुलाम आणले गेले. १८०६ साली चिनी मजुरांचे जहाज आले. १८४५ साली 'फतेल रझाक' या जहाजातून भारतीय मजुरांची पहिली तुकडी उतरली. अशा ठिकाणी समुद्र हा सहलीचा देखावा असतोच; पण आपण कोठून तुटलो, हेही तोच सांगत असतो.

फंग यांची बहीण नॅन हिला थॅलसेमिया होता. हा रक्ताचा जन्मजात विकार होय. अमेरिकेतील बालरोगतज्ज्ञ टॉमस कूली यांनी १९२५ साली त्याचे वर्णन केले; प्रथम पाहण्यात आलेली मुले भूमध्य समुद्राकाठच्या देशांतून गेलेल्या कुटुंबांतील होती. म्हणून १९३२ साली ग्रीक भाषेतील समुद्र आणि रक्त यांना उद्देशून असलेले दोन शब्द जोडून त्याचे नामकरण झाले. पुढे असे कळून आले की, हा विकार एका समुद्राच्या काठापुरता मुळीच नाही. हिवतापाच्या साऱ्या पट्ट्यात, ग्रीस-इटलीपासून भारत व दक्षिण चीनपर्यंत तो आढळतो. आपल्याकडील कित्येक कुटुंबांस त्याची ओळख दर काही आठवड्यांनी मुलाला रक्त चढवून आणण्याच्या फेऱ्यांतून झालेली आहे. म्हणजे नावातील समुद्र हा वैद्यकाच्या एका अपुऱ्या समजुतीतून आला. फंग यांनी नेमका तोच शब्द उचलला, आणि चिनी वंशाच्या, भूमध्य समुद्राशी काही संबंध नसलेल्या आपल्या बहिणीच्या रक्तात तो समुद्र कसा शिरला, याची कथा सांगितली.

ही कथा दोन प्रवासांवर तोललेली आहे. १९६२ साली लहानगा रिचर्ड नॅनबरोबर त्रिनिदादहून इंग्लंडला गेला. तेथील एका नामांकित रक्तरोगतज्ज्ञाला तिच्या प्रकृतीविषयी कुतूहल वाटत होते. दुसरा प्रवास १९७७ सालचा. त्या काळी पाश्चात्त्य तरुणांचे तांडे घरदार सोडून युरोपातून आशियाकडे निघत असत. त्याच वाटेने रिचर्ड आपला सहचर टिम याजबरोबर निघाला. दोघा पुरुषांचे हे प्रेम त्या प्रवासात फुलले. आणि ते परतण्यापूर्वीच इकडे नॅन गेली. पहिल्या प्रवासात भाऊ बहिणीच्या सोबतीला होता, दुसऱ्यात नव्हता. सव्वीस मिनिटांच्या या कृतीचा सारा भार या एका फरकावर आहे.

आता तिची पद्धती पाहावी. पडद्यावर घरची जुनी चलच्चित्रे येतात, छायाचित्रे येतात, आई बोलते, आणि अधूनमधून नव्याने टिपलेली पाण्याखालची दृश्ये येतात. निवेदन फंग यांच्याच आवाजात आहे. सामान्य चित्रपटात चित्र आणि निवेदन एकाच दिशेने चालतात. 'हे आमचे घर' असे म्हटले की घर दिसते. येथे त्या दोहोंत एक फट राखलेली आहे. चित्रातील मंडळी उन्हात आहेत, बरी आहेत, हसत आहेत. आवाज आजारपणाचा हिशेब सांगत आहे. चित्रात प्रवासाचा आनंद आहे. आवाजात, त्याच दिवसांत दुसरीकडे काय घडत होते, याची जाण आहे. चित्र खोटे बोलत नाही, कारण तो आनंद खरा होता. आवाजही खोटे बोलत नाही. दोन खऱ्या गोष्टी एकमेकींजवळ ठेवल्या म्हणजे जे दुःख उत्पन्न होते, ते अश्रूंनी हलके होण्याजोगे नसते.

आमच्या मते या कृतीतील उत्तम योजना म्हणजे पाण्याखालच्या क्रीडेची. दोघे पुरुष पाण्याखाली एकमेकांच्या पायांमधून पोहत जातात. मुलांचा हा खेळ आपल्याकडील विहिरीवर आणि नदीच्या डोहातही चालतो. त्या दृश्यात सुख आहे, जवळीक आहे. पण पाहणाऱ्याच्या छातीवर हळूहळू दडपण येते, कारण पाण्याखाली प्रत्येकाला श्वास पुरेल तितकाच वेळ असतो. ज्या घरात एक जीव उसन्या रक्ताच्या आधाराने जगतो, त्या घरातील सुखाचे स्वरूप नेमके असेच असते. हे फंग शब्दांनी सांगत नाहीत, हा त्यांचा संयम. एका शब्दाच्या व्युत्पत्तीपासून निघालेला समुद्र येथे दोन घरांमधील अंतर होतो, आणि अखेर शरीराच्या भोवतीचे पाणी होतो. परंतु कोठेही तो अलंकार म्हणून चिकटविलेला वाटत नाही.

तथापि काही आक्षेप नोंदविणे आमचे कर्तव्य आहे. टिम यांस पुढे एच. आय. व्ही. ची बाधा झाली, आणि फंग यांनी बहिणीचा रोग व सहचराचा रोग यांना एका सूत्रात गुंफले आहे. एक रोग जन्माबरोबर आलेला, दुसरा आयुष्यात लागलेला. एका रोग्याच्या वाट्याला लोकांची कणव येते, दुसऱ्याच्या वाट्याला पुष्कळदा दूषण येते. हा भेद पुरता उलगडावयास हवा होता. यावर कोणी म्हणेल की, सूत्र रोगांचे नसून भीतीचे आहे: एकदा आपण जवळ नव्हतो, आता तसे होऊ नये, ही ती भीती. हे उत्तर आम्हांस बऱ्याच अंशी पटते. दुसरा आक्षेप अधिक कठीण आहे. नॅनविषयी आपणांस पुष्कळ कळते. नॅनकडून फार थोडे कळते. घरच्या मूक रिळात ती दिसते खरी, पण तिच्या आयुष्याचा अर्थ इतरांनी सांगितलेला आहे. ही उणीव कर्त्याची की साधनाची, हे ठरविणे सोपे नाही. मात्र फंग यांनी बहिणीच्या तोंडी कल्पित शब्द घालून ती झाकली नाही, याचे श्रेय त्यांस दिलेच पाहिजे.

फंग यांना निदान स्वतःचे घर विचारावयास होते. परक्याची रिळे हाती आली तर काय करावे? या प्रश्नाचे उत्तर फोर्गाच यांच्याकडे मिळते. त्यांनी १९८३ साली बुडापेस्ट येथे खाजगी छायाचित्रांचा व चित्रफितींचा संग्रह उभारण्यास आरंभ केला, आणि त्यातून 'खाजगी हंगेरी' या नावाची चित्रमाला निर्माण केली. 'द डॅन्यूब एक्झोडस' मधील मूळ चित्रण नांदोर आंद्राशोविच या बोटीच्या कप्तानाचे आहे. 'एर्झेबेट किराल्ने' ही त्याची बोट डॅन्यूब नदीत उतारूंची ने-आण करी. आणि कप्तान मोठा हौशी असल्यामुळे नदी, उतारू, खलाशी, जे दिसेल ते तो आठ मिलिमीटरच्या फिल्मवर टिपीत असे.

१९३९ च्या उन्हाळ्यात त्याच्या बोटीत जे उतारू चढले ते स्लोव्हाकियातून व ऑस्ट्रियातून जीव घेऊन निघालेले ज्यू होते. डॅन्यूबने काळ्या समुद्रापर्यंत आणि तेथून दुसऱ्या जहाजाने पॅलेस्टाईनला जावयाचे, असा त्यांचा बेत. त्याच वर्षीच्या मे महिन्यात ब्रिटिश सरकारने तेथील ज्यूंच्या प्रवेशावर पाच वर्षांत पंचाहत्तर हजारांची मर्यादा घातली होती; तेव्हा पुढचे दार उघडेल याची शाश्वती नव्हती. कप्तानाच्या चित्रणात हे लोक डेकवर प्रार्थना करतात, ऊन खातात, तरुण मंडळी नाचतात. दुसऱ्या वर्षी सोव्हिएत रशियाने बेसारेबिया प्रांत घेतला, आणि तेथे पिढ्यान्‌पिढ्या शेती केलेले सुमारे त्र्याण्णव हजार जर्मन लोक हिटलरच्या सरकारशी झालेल्या करारानुसार हलविले गेले. त्यांच्यातील काहींस याच कप्तानाने याच बोटीतून नदीच्या वरच्या अंगास नेले. पुढे त्यांतील अनेकांस पोलंडात, तेथील शेतकऱ्यांना हुसकावून मोकळ्या केलेल्या घरांत वसविण्यात आले.

एका बोटीवर, एका कॅमेऱ्याने टिपलेल्या या दोन यात्रा फोर्गाच यांनी एकीपुढे एक ठेवल्या. कित्येकांस हे रुचणार नाही: संहारातून पळणारे आणि सरकारी आज्ञेने हलविलेले यांस एका तागडीत कसे घालावे? आमचे म्हणणे असे की, तागडी फोर्गाच यांनी धरलेलीच नाही. कप्तानाची नजर दोन्ही वेळी सारखीच सौम्य आहे. इतिहास मात्र सारखा नाही, आणि तो फरक चित्राने नव्हे, प्रेक्षकाने जाणावयाचा आहे. ते चित्राची गती मंदावतात, मध्येच ते थांबवितात, जरूर तेवढाच मजकूर पडद्यावर देतात; तिबोर सेम्झो यांचे संगीत भावनेला चिथावण्याऐवजी तिला धरून ठेवते. कप्तानाला पुढचे ठाऊक नव्हते, आपणांस ठाऊक आहे. अशा वेळी प्रेक्षकाला एक प्रकारचा सुखद शहाणपणा चढतो, 'बिचारे, यांना काय कल्पना!' असे तो म्हणतो आणि मोकळा होतो. हा मोह टाळण्याचा उपाय फोर्गाच यांना सापडला आहे. एका यात्रेविषयी कळवळा येऊन आपण स्थिर होतो न होतो तोच दुसरी यात्रा येते, आणि आपला कळवळा कोणासाठी व किती, असा प्रश्न आपणांसच विचारला जातो.

या दोन्ही कृतींत समुद्र म्हणजे ताटातूट किंवा सुटका. येथे आमच्या मनात मुंबईच्या 'कॅम्प' या कलावंतमंडळाच्या शैना आनंद व अशोक सुकुमारन यांची २०१३ सालची 'फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ' ही कृती आल्यावाचून राहिली नाही. कच्छच्या आखातातून शारजा, इराण व सोमालियाकडे मालाची लाकडी गलबते नेणाऱ्या खलाशांनी आपल्या मोबाइलवर टिपलेली दृश्ये तीत एकत्र केली आहेत. दृश्यांना त्यांनीच आवडीची गाणी जोडलेली आहेत. येथे समुद्र ही हुरहूर नव्हे, तो कामाचा ठिकाणा आहे. बोटीवर बकऱ्या आहेत, मोटारी आहेत, स्वयंपाक आहे, थट्टा आहे. फोर्गाच यांच्या बोटीवर कॅमेरा कप्तानाच्या हाती होता. येथे तो खलाशांच्या हाती आला, आणि त्याबरोबर समुद्राचा अर्थही पालटला. यावरून जुन्या चित्रणाच्या परीक्षेची पहिली कसोटी हाती येते: चित्रात कोण आहे, याच्या आधी कॅमेऱ्यामागे कोण आहे, हे विचारावे. पुष्कळ घरांत कॅमेरा वडिलांच्या हाती असे. म्हणून त्या रिळांत वडील दिसत नाहीत, आणि आई सतत कोणाच्या तरी सांगण्यावरून हसताना दिसते.

कोणी म्हणेल, घरच्या खाजगी गोष्टी अशा चव्हाट्यावर मांडाव्यातच कशाला? प्रश्न रास्त आहे. दुसऱ्याच्या दुखण्याचे प्रदर्शन करणारी कृती आम्हांसही असह्य होते. पण फंग यांनी बहिणीचे दुखणे मांडताना स्वतःची गैरहजेरीही मांडली. आरोपीच्या जागी प्रथम स्वतः उभे राहिले. खाजगी वस्तू लोकांपुढे ठेवण्याचा अधिकार जर कशाने मिळत असेल, तर तो अशानेच मिळतो.

आपल्याकडे आठ मिलिमीटरची रिळे थोड्याच घरांत होती. परंतु १९८० नंतरच्या लग्नामुंजींच्या व्हिडिओ-कॅसेटी पुष्कळ घरांत आहेत, आणि आता तर प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. तीनचार मिनिटांची जुनी अडचण उरलेली नाही, उजेडाची नाही, आवाजाची नाही; तरीही आपण टिपतो ते मुख्यतः वाढदिवस आणि चौपाटीच. तेव्हा दोष सारा फिल्मचा नव्हता, हेही कबूल केले पाहिजे.

एक व्यावहारिक गोष्ट सांगून हा लेख संपवितो. जुनी फिल्म बहुधा सेल्युलोज ॲसिटेटची असते. उष्ण व दमट हवेत ती हळूहळू विघटित होते, आक्रसते, वेडीवाकडी होते, आणि डबा उघडताच शिरक्यासारखा आंबट वास येतो. कॅसेटींना बुरशी धरते. मुंबईत, कोकणात, गोव्यात हे अधिक वेगाने घडते. ज्या समुद्रावर ती रिळे टिपली, त्याच समुद्राची दमट हवा त्यांस खात असते. म्हणून ज्यांच्या घरी असा डबा असेल त्यांनी तो कोरड्या, थंड जागी ठेवावा, आणि त्याची प्रत लवकर करून घ्यावी. पण तेवढ्यावर थांबू नये. घरातील वडील मंडळी आहेत तोवर त्यांना समोर बसवून ती चित्रे दाखवावीत, आणि त्या वेळी ती जे बोलतील ते नोंदवून ठेवावे: ही मागे उभी असलेली कोण, त्या वर्षी काकू सहलीला का आली नव्हती, हे रीळ मध्येच का तुटले. रिळात जे नाही ते सांगणारे माणूस अद्याप घरात असेल, तर डब्यापेक्षा त्याची काळजी अधिक तातडीची आहे.